बर्फावरची बारी

साऱ्या जुन्नर आणि आंबेगाव तालुक्यांत भारताच्या बर्फावरच्या हॉकी संघाचा एकच चाहता आहे, आणि तो माझ्या धाकट्या आत्याचा नवरा आहे. हे मी अंदाजानं ठोकून देत नाही. मी विचारत फिरलोय. ओतूरच्या चौकात विचारलं, मंचरच्या बाजारात विचारलं, भीमाशंकरच्या रस्त्यावरच्या टपरीत विचारलं. निम्म्या लोकांनी "असा संघ हाये का?" म्हणून मलाच उलटं विचारलं आणि उरलेल्यांनी माझ्याकडे अशा नजरेनं पाहिलं की मी चहा अर्धा टाकून उठलो. तर असा संघ आहे. तो दूरदूरच्या देशांत जाऊन खेळतो, बऱ्याचदा हरतो, कधीमधी जिंकतो, आणि जिंकला काय, हरला काय, डिंगोऱ्याच्या फाट्यावर त्याच्या अभिनंदनाचा फ्लेक्स लागतो. तो फ्लेक्स छापणारा पापी मी.

माझं ओतूरला फ्लेक्स छापायचं दुकान आहे. मराठी घेऊन बी.ए. झालो तेव्हा वाटलं होतं, आपण पुढे काहीतरी लिहू. लिहितोय की! 'युवकांचे स्फूर्तिस्थान, गोरगरिबांचे कैवारी' हे मी जितक्या वेळा लिहिलंय तितकं कुणा साहित्यिकानं लिहिलं नसेल, आणि त्यातली निम्मी स्फूर्तिस्थानं अजून बारावी पास व्हायची आहेत. असो, माझं रडगाणं राहू द्या. सांगायचंय ते मामांबद्दल. आत्याच्या नवऱ्याला आमच्याकडे मामाच म्हणतात. मामांची शेती डिंगोऱ्याला, पण पंचक्रोशीत त्यांची ओळख शेतकरी म्हणून नाही, घड्याळवाले म्हणून. आमच्याकडे चैत्र-वैशाखात गावोगाव जत्रा भरतात आणि जत्रेत बैलगाड्यांची शर्यत होते. गाडे एकाच वेळी पळत नाहीत. एकेक गाडा सुटतो आणि चढाच्या धावपट्टीवरून वर पळत जातो. त्या धावपट्टीला घाट म्हणायचं आणि गाड्याच्या एका धावेला बारी. झेंडा पडला की घड्याळ सुरू, बैल वरच्या रेषेला पोचले की बंद. ज्याला सेकंद कमी, तो घाटाचा राजा. हे घड्याळ दाबायला मामा. उभ्या आयुष्यात त्यांच्या डोक्यात एकच गणित पक्कं बसलं होतं, आणि ते प्रत्येकाला ऐकवायचे: "आकडा जेवडा ल्हान, तेवडा मानूस मोठा."

हे घड्याळ गळ्यातल्या काळ्या दोरीत अडकवलेलं असायचं आणि जत्रा संपली तरी उतरायचं नाही. मामा सगळ्याची वेळ घ्यायचे. आत्या भाकरी थापायला बसली की घड्याळ सुरू, फुगली की बंद. "आज दोन सेकंद जास्त लागलं," म्हणायचे. आत्या म्हणायची, "उद्यापास्नं घड्याळच भाजून घाला ताटात." भटजींची मंगलाष्टकं, एस.टी.चं फाट्यावर थांबणं, म्हशीचं पान्हावणं, काही म्हणजे काही सुटायचं नाही. स्वातंत्र्यदिनाला सरपंच भाषणाला उभे राहिले की मामा पहिल्या रांगेत घड्याळ वर धरून बसायचे, आणि सरपंच हुतात्म्यांना घाईघाईनं वंदन करून खाली उतरायचे. माझ्या मुलगी पाहण्याच्या कार्यक्रमाला मामा हौसेनं आले होते. मी आणि ती, दोघं मान खाली घालून गप्प. बाकीची मंडळी चुळबुळ करायला लागली. मामांनी घड्याळ बंद करून भर बैठकीत जाहीर केलं, "चार मिन्टं अकरा सेकंद कुनीच तोंड उघडलं न्हाई. जमतंय हे लगीन!" जमलं. आता ती तोंड बंद करत नाही ती गोष्ट वेगळी, पण त्याबद्दल मामांना दोष देता येणार नाही.

हसा, पण मामांच्या अंगठ्याला मान होता. एकदा त्यांच्या सख्ख्या भावाचा गाडा केसाइतक्या फरकानं हरला. भाऊ म्हणाला, जरा इकडंतिकडं करायचं होतंस. मामा म्हणाले, "आंगठा माझा हाय, येळ माजी न्हाई." भाऊ दोन वर्षं बोलला नाही. मामांनी एकदा निकाल सांगितला की सांगितला, त्यापुढे पंचही जात नसत. घाटात उभं राहताना ते गुलाबी फेटा बांधायचे. तो फेटा आणि ते घड्याळ बघितलं की मोठमोठे गाडामालक सरळ उभे राहायचे.

मग शर्यतींवर बंदी आली. मध्येच उठायची, परत यायची, पण घाट सुना पडला तो पडलाच. धावपट्टीवर गवत वाढलं, बैल गोठ्यात रवंथ करत बसले आणि मामांचं घड्याळ छातीवर नुसतं लोंबायला लागलं. वेळ तर घ्यायची सवय, पण घ्यायची कशाची? मामा पार खंगले. त्याच सुमारास शेजारच्या घरातला पोरगा फौजेत होता, त्याची बदली लेहला झाली. तो रविवारी फोन करायचा. घरच्यांशी बोलून झालं की मामांना बोलवायचा. एका रविवारी म्हणाला, "मामा, हितं तळं गोठतंय आन त्याच्यावर हॉकी खेळत्यात. पायात पाती लावलेले बूट घालून. आपल्या देशाची टीम हाय, लई पोरं हितलीच, काही फौजेतली. पर वर्साला दोनच म्हयने बर्फ धरतो. बाकीचं वर्स खेळाय जागाच न्हाई." मामा म्हणाले, "दोन म्हयने? आरं, आपल्या जत्रंचंबी दोनच म्हयने. आन आपलं तेबी गेलं की रं." त्या दिवसापासून तो संघ मामांचा झाला. त्यांनी तो खेळ कधी पाहिला नव्हता, बर्फ म्हणाल तर उसाच्या रसात पाहिलेला. पण जागा नसलेला खेळाडू काय असतो ते त्यांना कळत होतं.

पुढच्या चैत्रात संघ परदेशी खेळायला गेला. तेव्हा फोन साधे होते. लेहच्या जवानानं निकालाचा नुसता मेसेज धाडला: भारत एक, आणि समोरच्या संघापुढे चांगला भरभक्कम दोन आकडी नंबर. मामांनी तो वाचला, परत वाचला, आणि गाडीला किक मारून थेट माझ्या दुकानात आले. "छाप! मोठ्ठा छाप! आरं, नुसतं जिंकलं न्हाईत, धुतलं राव! समोरच्याला एवढं लागलं, आन आपल्या पोरांनी एकातच खेळ खल्लास केला!" आता इथे माझी अक्कल कुठे शेण खायला गेली होती ते मला आजही सांगता येत नाही. मी क्रिकेट बघतो. मला कळायला पाहिजे होतं. पण गिऱ्हाईक आलं की डोकं बंद आणि मशीन चालू, हा आमच्या धंद्याचा नियम. मी माझी सगळी बी.ए. पणाला लावली: 'सातासमुद्रापार अवघ्या एका गोलात सामना खिशात घालणाऱ्या भारताच्या वाघांचे हार्दिक अभिनंदन!' संघाचा फोटो मिळाला नाही म्हणून हिमालयाचा टाकला. खाली शुभेच्छुक म्हणून फेट्यातले मामा, आणि त्यांच्या दोन्ही बाजूंना त्यांच्या गोठ्यातले दोन बैल. फाट्यावर फ्लेक्स चढला, हलगी वाजली, मामांनी घरोघर पेढे वाटले. शाळेत प्रार्थनेनंतर टाळ्यासुद्धा झाल्या.

चौथ्या दिवशी शाळेचे खेळाचे मास्तर रजेवरून परतले. देवळाच्या पारावर मंडळी बसली होती, मीही होतो. मास्तर फ्लेक्स वाचून आले होते. ते हळूच म्हणाले, "मामा, हॉकीत ज्याचे गोल जास्त, तो जिंकतो हो." क्षणभर कुणालाच काही उमगलं नाही. मग जो हशा उठला, त्यानं पिंपळावरचे कावळे उडाले. गावाला फुकटची करमणूक मिळाली. पोरगं नापास झालं की बाप म्हणायचा, "मामांच्या गणितानं पैला आलाय!" एकानं तर खिशातून पेढा काढून मामांपुढे धरला, "घ्या मागारी, मी अजून खाल्ला नव्हता." मीही हसलो. आज लाज वाटते, कारण त्या चुकीतला अर्धा वाटा माझा होता आणि हसण्यात मी पूर्ण वाटा उचलला.

मामा तीन दिवस घराबाहेर पडले नाहीत. चौथ्या दिवशी जत्रेच्या तयारीसाठी गाव देवळासमोर जमलं, तिथे ते आले. डोक्याचा फेटा काढून पायरीवर ठेवला आणि म्हणाले, "चुकलो. इतक्या वर्सांत माझा निकाल चुकला नव्हता, ह्यो चुकला. पर पोरं जिंकली म्हनून मी सांगून बसलोय, पेढं वाटून बसलोय. तोंडातनं गेलेला निकाल मी फिरवनार न्हाई. ह्यो संघ ज्या दिशी खराखुरा जिंकंल, त्या दिशी फेटा बांधीन. तवर ह्या डोक्याला फेटा न्हाई." कुणीतरी परत हसायला सुरुवात केली, पण ते हसू मधेच थांबलं. मामा टोपी घालून घरी गेले.

तिथून पुढे मामांचं आयुष्य त्या पोरांच्या बुटांना बांधलं गेलं. आधी खेळ समजून घ्यायचा म्हणून ते नारायणगावच्या बर्फाच्या कारखान्यात गेले. मालकाला म्हणाले, एक लादी जमिनीवर मांडा, मला उभं राहून बघायचंय. मालकाला वाटलं, नवस असेल. मामा चपला काढून लादीवर चढले, घड्याळ सुरू केलं, आणि पुढच्या क्षणी त्यांचे पाय आढ्याकडे आणि पाठ जमिनीवर. आत्या आठ दिवस विटेनं कंबर शेकत होती. मी बघायला गेलो तर मामा पालथे पडून म्हणाले, "एक सेकंदबी टिकलो न्हाई. आकडा लई भारी आला बग, पर कामाचा न्हाई. आन ही पोरं त्याच्यावर पळत्यात! काठीनं ती काळी चकती हानत्यात! आन आपुन त्येंना हसतो, भाड्या." भाड्या हे मला होतं.

संघ दर एक-दोन वर्षांनी खेळायला जायचा आणि हरून यायचा. मामा त्यातूनही पराक्रम शोधून काढायचे. एका वर्षी गोल आधीपेक्षा कमी खाल्ले. मामा दुकानात हजर. "आता तरी आकडा ल्हान झाला का न्हाई? मग लाव फ्लेक्स!" मी छापलं: 'गतवेळेपेक्षा कमी गोल खाल्ल्याबद्दल हार्दिक अभिनंदन.' एका वर्षी सामन्याच्या तीन डावांपैकी पहिल्या डावात आपल्यावर एकही गोल झाला नाही, त्याचाही फ्लेक्स झाला. पुढच्या दोन डावांबद्दल त्यात अवाक्षर नव्हतं. जुने फ्लेक्स मामांच्या कांद्याच्या ढिगावर जायचे. उन्हापावसात भारताच्या वाघांनी डिंगोऱ्याचा जेवढा कांदा राखला, तेवढं स्वतःचं गोलपोस्ट राखलं असतं तर मामांचा फेटा कधीच परत आला असता.

आणि मग मामांच्या मुलीचं लग्न ठरलं. स्थळ राजुरीचं, भारदस्त. व्याही बोलायला कमी, पण मानपानाचे पक्के. आमच्याकडे लग्नात मुलाचा बाप मुलीच्या बापाला मानाचा फेटा बांधतो. ही गोष्ट बैठकीत निघाली आणि मामांनी नकार दिला. व्याही चकित झाले. "सुतकबितक हाय का काय पावणं?" मामा म्हणाले, "सुतक न्हाई, शबुद हाय." सगळी हकिकत ऐकल्यावर व्याह्यांनी मांडी बदलली. मग समजुतीनं म्हणाले, "आवो, तासाभराचा परश्न हाय. अक्षता पडल्या की काढा." मामा म्हणाले, "तास म्हंजी लई मोठा आकडा हाय, पावणं." आत्या स्वयंपाकघरात रडायला लागली. लोक काय म्हणतील, लेक नांदायची कशी, हे सगळं बोलून झालं. मीही मामांच्या पाया पडलो. "मामा, चूक माझी पण आहे, मी टक्कल करतो, पण तुम्ही फेटा बांधा." शेवटी पोरगीच पुढे आली. "आई, ऱ्हाऊ दे. आप्पांनी माझ्यापायी फेटा बांधला, तर परत कवा घड्याळ गळ्यात घालनार न्हाईत ते. मला तसलं बघायचं नाय." मामांनी पोरीकडे पाहिलं आणि उठून गोठ्यात गेले. बराच वेळ ते बैलांच्या पाठीवरून हात फिरवत होते.

लग्न झालं. मांडवात दीडशे गुलाबी फेटे आणि त्यात एकच पांढरी टोपी. आमच्याकडे मांडवात पांढरी टोपी घालून कोण फिरतं? वाढपी. जेवणाच्या पंगतीत राजुरीच्या एका पावण्यानं हात वर केला, "ओ आचारी! हिकडं मठ्ठा आना, मठ्ठा!" मुलीचा बाप तिथून चालला होता. मामांनी इकडंतिकडं पाहिलं, मठ्ठ्याचा जग उचलला आणि वाढायला सुरुवात केली. एकाला वाढला, मग साऱ्या पंगतीला वाढला, आणि मग सवयीनं घड्याळ बघून म्हणाले, "चाळीस पानं, तीन मिन्टं. वाईट न्हाई." मला हसूही येईना, रडूही येईना. समोरून व्याह्यांनी हे पाहिलं. ते स्टेजवरून खाली आले आणि मामांच्या हातातला जग काढून घेतला. मानाचा फेटा तबकात तसाच पडला होता. तो त्यांनी उचलला, उपरण्यात गुंडाळला आणि वरात घेऊन राजुरीला निघून गेले.

त्यानंतर व्याही डिंगोऱ्याला फिरकले नाहीत. लेक सुखात होती, सणावाराला यायची, जावईही यायचा, पण व्याही नाहीत. आत्या म्हणायची, "फेटा घिऊन गेले, म्हंजी नातंच गुंडाळून नेलं." मामा लेहला फोन लागला की तेवढं विचारायचे, "बर्फ धरला का रं यंदा?"

आणि एका चैत्रात, भर दुपारी, माझ्या दुकानातला फोन वाजला. लेहचाच जवान होता. मामांचा फोन लागेना म्हणून त्यानं मला केला. तो काय सांगतोय ते कळल्यावर मी छपाई मधेच टाकून गाडी काढली. कुणातरी नेत्याचा चेहरा मशीनमध्ये अर्धाच आला होता, तो तसाच राहिला. मामा शेतात होते, कांदा काढणी चालली होती. मी बांधावरूनच ओरडलो, "मामा, जिंकले!" मामा जागचे हलले नाहीत. "आकडा सांग." मी आकडा सांगितला. "ह्यातला आपला कुंचा?" "मोठा." "आन समोरच्यांचा?" "लहान." "आन ह्या खेळात ल्हान तो..." "हरतो, मामा! हरतो! लहान तो हरतो!" मी इतक्या मोठ्यानं ओरडलो की कांदा काढणाऱ्या बाया कमरेवर हात ठेवून उभ्या राहिल्या. मामांनी हातातला कांदा ढिगावर टाकला. मग म्हणाले, "तू गप. तू मागंबी छापलं व्हतंस. मास्तराकडं चल." मास्तर रिटायर होऊन ओट्यावर पेपर वाचत होते. त्यांनी सगळं ऐकलं, माझ्या फोनवर जवानाशी स्वतः बोलले, आणि उठून मामांना हात जोडले. "जिंकलेत मामा. खरे जिंकलेत." मामांनी टोपी काढून तोंड पुसलं. उन्हामुळं असेल, असं मी तेव्हा स्वतःला सांगितलं. आता सांगायला काय हरकत आहे, ते रडत होते आणि मीही.

आत्यानं लेकीला फोन केला होता. दिवेलागणीला अंगणात राजुरीची जीप थांबली आणि व्याही उतरले. काखेत उपरण्याचं गाठोडं होतं. मामा उठून उभे राहिले. व्याह्यांनी गाठोडं सोडलं. आत तोच गुलाबी फेटा, घड्या तशाच. ते म्हणाले, "पावणं, मी रागानं यायचा थांबलो नव्हतो. आमच्या मानसानं मुलीच्या बापाला मठ्ठा वाढाय लावला, आन तुमी वाढला, मला लाज वाटली. तोंड दाखवायचं तर ह्यो फेटा घिऊनच, आसं ठरवलं व्हतं. लई वाट बगायला लावली तुमच्या पोरांनी." मामा टोपी काढून डोकं पुढे करत म्हणाले, "आवळून बांधा." व्याह्यांनी फेटा बांधला, तुरा काढला, मागे शेमला सोडला. खट् असा आवाज झाला. मामांनी घड्याळ दाबलं होतं. "एक मिन्ट बारा. हात बसलाय तुमचा." आत्यानं कपाळावर हात मारून घेतला आणि साखर आणायला आत पळाली. त्या वेळचा फ्लेक्स आमच्या दुकानातला सगळ्यात मोठा. त्यावर मामा फेट्यात, व्याही फेट्यात, आणि बैलांनासुद्धा मी संगणकावर फेटे बांधले.

पुढे संघानं आणखी काही सामने जिंकले, बरेच हरले. आता फोनवर सामने दिसतात. मामा भिंग लावून बघतात आणि ती काळी चकती कुठे गेली म्हणून मला विचारतात. मलाही दिसत नाही. मी अंदाजे बोट दाखवतो. बंदी उठली, घाट परत गाजायला लागला. पण आता घाटात रेषेवर यंत्र बसवलंय, बैल गेले की मोठ्या पडद्यावर सेकंद आपोआप उमटतात. मामांना कमिटी मानानं बोलावते, फेटा बांधते, स्टेजवर पहिल्या खुर्चीवर बसवते. काम काही देत नाही. मामा आपले गळ्यातलं घड्याळ काढून प्रत्येक बारीला दाबतात, पडद्याकडे बघतात, आणि आकडा जुळला नाही की शेजारच्याला सांगतात, "मशीन चुकलं."

गेल्या चैत्रातली गोष्ट. जत्रेच्या आदल्या दिवशी मामा दुकानात आले. संघ नुकताच हरला होता, आणि चांगला सडकून हरला होता. मामा म्हणाले, "फ्लेक्स पायजे." मी म्हणालो, "मामा, हरलेत." "म्हाइतंय मला. आता येतंय मला ते गनित." "कमी गोलसुद्धा नाही खाल्ले या वेळी. मी लिहू काय त्याच्यावर?" माझी बी.ए. खरोखरच संपली होती. मामा म्हणाले, "उद्या घाटात ये. मग सांगतो."

गेलो. दिवसभर धुरळा, भंडारा, भोंग्यांचा कल्लोळ. ऊन कलल्यावर शेवटची बारी सुटली. बैल नवखे होते. अर्ध्या घाटात आले आणि थांबले. हाकणारा गयावया करतोय, बैल शेपूट हलवतायत. भोंग्यावरून 'गाडा बाद' म्हणून जाहीर झालं, पडदा बंद झाला, लोक उठून भेळेच्या गाड्यांकडे वळले. बक्षिसाच्या ढाली स्टेजवर आल्या. मी मामांना म्हटलं, चला. मामा हलले नाहीत. त्यांचा अंगठा घड्याळावर होता आणि घड्याळ चालूच होतं. रिकाम्या घाटात ते दोन बैल बऱ्याच वेळानं आपल्याच मनानं निघाले आणि फिरायला आल्यासारखे रेषेपलीकडे गेले. खट्. मामांनी घड्याळ माझ्यापुढे धरलं. मी आकडा बघून हसलो. मामाही हसले. "लई मोठा हाय, न्हाई? हॉकीत आस्ता तर पैला आला आस्ता राव."

मग फेटा सारखा करून ते उठले. माझ्या खांद्यावर हात ठेवून स्टेजच्या पायऱ्या उतरताना त्यांना दम लागत होता. मला एकदम जाणवलं, मामा थकलेत. खाली उतरल्यावर ते म्हणाले, "येळ समद्यांची घ्यायची आस्ती, बाळा. मागं राह्यलेल्याची तर पैली घ्यायची. त्येला वाटाय नको, की आपल्याकडं कुनाचं ध्यान नव्हतं." आणि तिथेच, धुरळ्यात उभं राहून, त्यांनी मला मजकूर सांगितला. मी तो एकही शब्द न बदलता छापला. उन्हानं रंग थोडा उडालाय, पण डिंगोऱ्याच्या फाट्यावर तो अजून आहे. हिमालय तोच, शुभेच्छुक तेच. वर लिहिलंय: 'भारताच्या बर्फावरच्या हॉकी संघाचे, बारी पूर्ण केल्याबद्दल हार्दिक अभिनंदन.'